स्त्रीवेश, लावणी आणि बर्लेस्क: हसू कुणावर पडतं ते आधी ठरव

तू लिहिलंस ते थोडक्यात असं. वय तेवीस, गाव बार्शीकडचं, नोकरी पुण्यात. कॉलेजच्या गॅदरिंगला नऊवारी नेसून लावणी केलीस, शिट्ट्या पडल्या, आणि दुसऱ्या दिवसापासून तुला नावं पडली. तरी पाय थांबेनात. आता वीस-पंचवीस मिनिटांचा स्वतःचा प्रयोग उभा करायचाय. त्यात पुरुषही यावा, बाईही यावी आणि या दोघांच्या मधलं जे तुझ्या आत आहे तेही यावं. मोबाइलवर परदेशातलं बर्लेस्क (थट्टा आणि एकेक कपडा उतरवत केलेला नाच) आणि ड्रॅग (स्त्री-पुरुष वेशांची अदलाबदल करून केलेला खेळ) पाहिलंस, भारावलास, आणि आता विचारतोस: ‘दादा, हे आपलं आहे का, की मी उसनं आणतोय? आणि सुरुवात कुठून करू?’

दादा म्हणालास म्हणून तुला अरे-तुरे करतो. मी एकतीस वर्षं स्त्रीवेशात लावणी करतोय. सातारा-सांगलीकडच्या जत्रांत केली, मुंबईच्या नाट्यगृहांत केली, आणि गेली पंधरा वर्षं मुलामुलींना शिकवतोय.

हे आपलं आहे, आणि फार जुनं आहे. पण आपलं म्हणून ते सगळंच चांगलं असं मात्र नाही. आपल्याकडे पुरुषाने लुगडं नेसायच्या तीन-चार वेगळ्या वाटा आहेत, आणि प्रत्येक वाटेवर हसू वेगळ्या माणसावर पडतं. कुठल्या वाटेने जायचंय ते नेसायच्या आधी ठरवावं लागतं. माझं सगळं सांगणं या एका गोष्टीभोवतीच फिरणार आहे.

आधी बर्लेस्कचं सांगतो, कारण तू पाहिलंस ते त्याचं अलीकडचं रूप आहे. या शब्दाच्या मुळाशी इटालियन ‘बुर्ला’ आहे, म्हणजे थट्टा. कपडे उतरवणं त्यात फार उशिरा आलं. 1868 मध्ये लिडिया थॉम्प्सन नावाची लंडनची नटी आपल्या मंडळीला घेऊन न्यूयॉर्कला उतरली आणि तिने ग्रीक पुराणातल्या इक्सायन राजाच्या गोष्टीची टिंगल करणारं नाटक लावलं. देव आणि राजे बायकांनीच केले. घट्ट विजारी घातलेल्या, पाय दिसताहेत, तोंडाने यमकं, कोट्या आणि कालपरवाच्या बातम्यांवरचे टोले. त्या काळात बाईचा घोटा दिसला तरी चर्चा व्हायची. इथे तर बाई पुरुषाच्या ऐटीत उभी राहून देवाची भाषा बोलत होती! नाटक तुफान चाललं आणि वर्तमानपत्रांनी तितकीच झोड उठवली. पुढे शिकागोच्या एका संपादकाने या बायकांच्या चारित्र्यावर लिहिलं, तेव्हा 1870 मध्ये लिडियाने त्याला भर रस्त्यात चाबकाने फोडून काढलं. टीकाकारांना उघड्या पायांपेक्षा तिची ती ऐट जास्त झोंबली होती, असं मला नेहमी वाटत आलंय.

नंतर ऐट मागे पडली आणि पाय तेवढे उरले. 1920-30 च्या सुमाराला एकेक कपडा उतरवत नेण्याचा खेळ हाच बर्लेस्कचा गाभा झाला, आणि 1937 मध्ये न्यूयॉर्कच्या नगरपालिकेने त्या थिएटरांचे परवाने बंद केले. आपल्याकडेही स्वातंत्र्याच्या सुमारास बाळासाहेब खेरांच्या सरकारने तमाशावर बंदी आणली होती आणि नंतर अटी घालून ती उठवली. दोन्हीकडे कारण सांगितलं अश्लीलतेचं, आणि दोन्हीकडे पोट गेलं ते नाचणाऱ्या बायकांचं. 1990 नंतर तिकडे बर्लेस्क पुन्हा उभं राहिलं, या वेळी बायकांनी आणि क्वीअर, म्हणजे स्त्री-पुरुषाच्या ठरीव चौकटीत न बसणाऱ्या, कलाकारांनी स्वतःच्या अटींवर उभं केलेलं. तू पाहिलंस ते हे.

आता आपल्याकडची पहिली वाट, थट्टेची. आपली गवळण आठव. तमाशात गण, म्हणजे गणपतीचं नमन, झाला की गवळण. मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गवळणी, वाट अडवणारा कृष्ण, त्याचा बोबडा-लंगडा सोबती पेंद्या, आणि गवळणींची म्होरकी मावशी. मावशी पुरुषच करतो. मिशीसकट करणारेही मी पाहिलेत. ती कृष्णाला देव मानतच नाही. ‘तू कोण रं टिकोजीराव?’ असं विचारते, त्याचं गाव विचारते, बापाचं नाव विचारते, आणि दह्यादुधाच्या दाणावरून, म्हणजे जकातीवरून, हुज्जत घालता घालता गावच्या सरपंचापासून दिल्लीपर्यंत सगळ्यांची सालटी काढते. तिकडे बाईने पुरुष होऊन ग्रीक देवाला जमिनीवर आणलं, इकडे पुरुषाने बाई होऊन कृष्णाला आणलं. एकमेकांचं काही न बघता, न शिकता दोघांनी तेच केलं. म्हणून म्हणतो, उसनं आणायची तुला गरज नाही.

त्याही मागे जा. सोळाव्या शतकात एकनाथ महाराज लिहितात, ‘सत्वर पाव गे मला, भवानी आई, रोडगा वाहीन तुला.’ सून देवीकडे मागणं मागतेय. काय मागतेय? सासरा मरू दे, सासूचा निकाल लाव, नणंदेच्या पोराला खरूज होऊ दे, आणि शेवटी सगळेच जाऊ देत, मला एकटीला राहू दे. अध्यात्मात त्याचा अर्थ वेगळा लावतात, तो खराच आहे. पण भारूड करणारा धोतरावर लुगडं गुंडाळतो, कपाळभर कुंकू लावतो आणि हे मागणं मागतो, तेव्हा समोर बसलेल्या बायका ज्या हसतात ना, ते हसणं तू एकदा ऐक. अध्यात्माला असं हसत नाहीत. जे त्यांना घरात बोलता येत नाही, ते एक पुरुष लुगडं नेसून चारचौघांत, देवाच्या समोर बोलून टाकतो. इथे हसू सासरच्या अख्ख्या उतरंडीवर पडतं. लुगड्यावर पडत नाही. माझ्या मते आपल्या भाषेतला सगळ्यात धारदार स्त्रीवेश हाच.

दुसरी वाट बालगंधर्वांची. नारायण श्रीपाद राजहंस, 1888 ते 1967. त्यांच्या स्त्रीवेशात थट्टा औषधालाही नव्हती. भामिनी, रुक्मिणी, सिंधू या भूमिकांतलं त्यांचं नेसणं, दागिने, केसांतली फुलं पाहून घरंदाज बायका आपलं नेसणं सुधारायच्या. जरा थांबून विचार कर. बाईने कसं दिसावं याचा धडा महाराष्ट्रातल्या बायका एका पुरुषाकडून घेत होत्या. म्हणजे बाईपण हे जन्माबरोबर आपोआप येत नाही, ते रोज नेसावं लागतं, शिकावं लागतं. ही गोष्ट आपल्या आज्या-पणज्यांनी रंगमंचावर बघितलेली आहे. विद्यापीठांतले लोक आज ती मोठमोठ्या शब्दांत मांडतात. पण या वाटेचा तोटाही डोळ्यांआड करू नकोस. बालगंधर्वांची बाई आदर्श होती, कुलीन होती, सोशिक होती. पुरुषांनी लिहिली, पुरुषाने केली. खऱ्या बायका मराठी रंगभूमीवर ठामपणे उभ्या राहायला 1930 चं दशक उजाडावं लागलं, आणि आल्या तेव्हा त्यांना याच मापात बसावं लागलं.

तिसरी वाट नाच्याची, म्हणजे तमाशात बाईच्या वेशात नाचणाऱ्या पोराची, आणि तिथे आपल्या लोकांना शरम वाटायला हवी. बायका फडावर यायच्या आधी लावणी नाच्या पोऱ्याच नाचायचा. म्हणजे तू जे करतोस ते लावणीचं जुनं रूप आहे, बिघडलेलं नव्हे. पुढे बायका आल्या आणि नाच्या मागे सरला, मग चेष्टेचा विषय झाला, मग चित्रपटाने त्याचा एक ठसा पाडला: लचकत चालणारा, टाळ्या वाजवणारा, ज्याच्याकडे बघून फक्त हसायचं. कोल्हापूरचे गणपत पाटील यांनी तो पडद्यावर इतका हुबेहूब उभा केला की संसारी, मुलाबाळांच्या या गुणी नटाला लोकांनी खऱ्या आयुष्यातही सोडलं नाही. भूमिकेतलं हसू त्यांच्या घरापर्यंत गेलं. त्याच महाराष्ट्राने बालगंधर्वांना डोक्यावर घेतलं. कसब दोघांकडेही होतं. फरक होता जातीचा, थिएटरचा, तिकिटाच्या दराचा, आणि हसू कुणावर पडावं याचा. गवळणीतल्या मावशीवर हसतात तेव्हा तिने कुणाची तरी जिरवलेली असते. नाच्यावर हसतात ते तो आहे म्हणून. गॅदरिंगनंतर तुला जी नावं पडली ना, ती याच तिसऱ्या वाटेवरून आली.

कोकणातल्या दशावताराचं एवढंच सांगतो की संधी मिळाली तर एक अख्खी रात्र जाऊन बस. सगळे पुरुष, लिहिलेली संहिता नाही, संवाद जागच्या जागी. ‘रात्री राजा आणि सकाळी डोक्यावर बोजा’ असं त्यांच्याबद्दल म्हणतातच. तिथला स्त्रीपार्टी नट पहाटे तीनला तारामतीचा विलाप करतो तेव्हा देवळापुढची बाया-माणसं डोळ्याला पदर लावतात, आणि तोच नट दुसऱ्या दिवशी गावातून मानाने फिरतो. हे पाहिलंस की आपल्यावरचा निम्मा भार उतरेल.

एक वाट मात्र घेऊ नकोस. सौंदत्तीच्या यल्लमाला सोडलेले जोगते लुगडं नेसतात, डोक्यावर जग, म्हणजे देवी बसवलेली टोपली, घेतात, चौंडक्यावर गातात. तो वेश नाही, ते त्यांचं जगणं आहे, बहुतेकांचं निवड न विचारता लादलेलं. प्रयोगात ‘परिणाम चांगला होईल’ म्हणून जग आणि परडी घेऊन उभा राहू नकोस. ज्यांना ती रात्री उतरवून ठेवता येत नाही, त्यांच्यासमोर ते फार वाईट दिसतं.

आता लावणीकडे येतो, कारण तुझं खरं घर तेच आहे.

लावणीत मुळातच एक गुंता आहे, तो समजून घे. शब्द पुरुषाचे: होनाजी बाळा, रामजोशी, सगनभाऊ, प्रभाकर, पुढे पठ्ठे बापूराव. आवाज बाईचा: ती रुसते, मागते, वाट बघते, डिवचते. बघणारे पुन्हा पुरुष. म्हणजे पुरुषाने कल्पिलेली बाईची इच्छा बाईच्या तोंडून पुरुषाने ऐकायची. यात तू चौथा येऊन उभा राहतोस, लुगड्यातला पुरुष. तू तेच शब्द म्हणालास की ते आपोआप तिरके होतात. ‘तुम्ही मला असं बघता का?’ हा प्रश्न न विचारताच विचारला जातो. काही न बदलता फक्त नीट केलीस तरी लावणी स्वतःच बोलू लागते. म्हणून नव्या मुलांना मी सांगतो, पहिलं वर्ष उपहास करू नका, एकही शब्द फिरवू नका. आधी सरळ करा.

नीट करणं म्हणजे काय ते मला एका बाईंनी शिकवलं. संगीतबारीतल्या, म्हणजे नुसती लावणी गाऊन-नाचून दाखवणाऱ्या पार्टीतल्या, होत्या, आता हयात नाहीत. पहिल्या दिवशी मी मोठ्या तयारीने गेलो. त्या पाटावर बसून शेंगा निवडत होत्या. मला म्हणाल्या, नेस आणि चाल. मी चाललो. त्यांनी मान वर केली आणि म्हणाल्या, ‘तू पदर धरतोस. आम्ही धरत नाय. तो असतो.’ तीन आठवडे मी जुनी साडी नेसून त्यांच्याकडे फक्त घरकाम केलं. केर काढला, पाणी भरलं, भाकऱ्या थापायचा प्रयत्न केला. तिसऱ्या आठवड्यात वाकून हंडा उचलताना पदर खांद्यावरून घसरला आणि माझा हात आपोआप गेला. मी लक्षही दिलं नव्हतं. त्या म्हणाल्या, ‘आता ये उद्यापास्नं.’

तूही हेच कर. नऊवारीआधी पाचवारी, आणि तीही घरात, कामं करताना. लुगड्यात जिना चढ, ते नेसून बसून जेव. आरशासमोर कमी उभा राहा. आरशात तू बाई ‘दिसण्याचा’ प्रयत्न करतोस, आणि तो प्रेक्षकाला लगेच कळतो.

पुरुषांची दुसरी चूक म्हणजे नाजूकपणा. बाई म्हणजे नाजूक, हे आपल्या डोक्यातलं बाईचं चित्र. लावणीतली बाई नाजूक नसते रे. मी बांधतो ते चाळ दोन्ही पायांचे मिळून चार किलो भरतात, आणि ते बांधून ती टाच आपटते, ढोलकीशी सवालजवाब करते, घाम पुसते आणि परत उभी राहते. तिची मांडी पैलवानाची असते. तू हळुवार पावलं टाकायला लागलास की चाळ बोलत नाहीत, ढोलकीवाला एकटा पडतो आणि समोर फक्त लचकणारा मुलगा दिसतो. ताकद लाव. तुझं पुरुषी शरीर इथे कामाला येतं, ते लपवायची घाई करू नकोस.

शरीराचं सांगतोच आहे तर हेही ऐक. खांदे रुंद असतील तर कोपरं बरगड्यांच्या जवळ ठेव, खांदे आपोआप अरुंद दिसतात. कमरेला स्पंजची उशी बांधणारे आहेत. मला ती आवडत नाही, कारण कासोट्यात ती सरकते आणि मग सगळं लक्ष तिच्याकडेच जातं. त्यापेक्षा वजन एका पायावर टाकायला शिक, कंबर तिथेच तयार होते. दाढीची निळसर झाक नुसत्या फाउंडेशनने जात नाही. दाढी करून, कोरड्या कातडीवर आधी नारिंगी-लालसर रंगाचा पातळ थर, मग त्यावर फाउंडेशन. भुवया सगळ्या उपटू नकोस, सोमवारी नोकरीवर जायचंय. नऊवारी शिवलेली घेऊ नकोस, निदान सुरुवातीला तरी नको. नऊ वार म्हणजे सव्वाआठ मीटर कापड अंगाभोवती स्वतः फिरवताना जे काही मनात होतं, ते शिवलेल्या लुगड्यात पाय घालताना होत नाही. कासोटा घट्ट ओढ आणि खोच नीट दे. बाविसाव्या वर्षी एका जत्रेत माझा कासोटा भर लावणीत सुटला होता. लोक हसले, मी पळालो. ढोलकीवाल्याने मला विंगेत गाठलं, स्वतः नेसवलं आणि परत ढकललं. दुसऱ्यांदा गेलो तेव्हा टाळ्या पडल्या. त्याने ढोलकी उचलण्याऐवजी पेटी आवरायला घेतली असती, तर मी आज हे लिहीत नसतो.

बैठकीची लावणी मात्र शिकच, मला ती उभ्या लावणीपेक्षा मोठी वाटते. वाईच्या यमुनाबाई वाईकर यांच्या अदाकारीची चित्रणं मिळतील तेवढी बघ. 2012 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली तेव्हा त्या नव्वदी ओलांडलेल्या होत्या. बसल्या जागी, एकच ओळ दहा वेळा, आणि दहाही वेळा वेगळ्या अर्थाने. कधी रुसवा, कधी टोमणा, कधी नुसती आठवण. तिथे ना कंबर कामाला येते, ना पाय. डोळे, मान, हाताची बोटं आणि श्वास. वयाच्या सत्तरीत, सुरकुतलेल्या चेहऱ्याने केलेली अदा पाहिलीस की कळेल, लावणी शरीर विकण्याची गोष्ट नाही, लक्ष धरून ठेवण्याची आहे. तुझ्या वीस मिनिटांतली निदान पाच मिनिटं बसून असावीत.

आता जरा कडक बोलतो. पुरुषाने लावणी केली की हल्ली वर्तमानपत्रात फोटो येतो, ‘धाडसी’ म्हणतात, मोठ्या शहरात सत्कार होतो. तीच लावणी चौफुल्याला, मोडनिंबला, जामखेडला रोज संध्याकाळी जी बाई करते, तिच्या मुलाला शाळेत बापाचं नाव विचारून छळतात. कोल्हाटी समाजातल्या, मांग-महार समाजातल्या बायकांनी आणि कलावंतांनी ही कला स्वतःच्या अब्रूची किंमत मोजून टिकवली. घरं त्यांच्या कमाईवर चालली, लग्नं मात्र त्यांची झाली नाहीत. तू त्यांचं लेणं अंगावर घालणार आहेस. म्हणून कुणाकडून शिकलास ते प्रयोगात स्वतःच्या तोंडाने सांग. शिकवणीचे पैसे न घासाघीस करता दे. आणि दौलतजादा, म्हणजे प्रेक्षक खूश होऊन देतात ते पैसे, कशी घ्यायची असते, कुठला हात झिडकारायचा आणि कसा हसून झिडकारायचा, हेही त्यांच्याकडूनच शीक. त्याचं शास्त्र त्यांच्याइतकं कुणाला येत नाही.

तुझ्या प्रयोगाविषयी. तीन लावण्या आणि मध्ये स्वतःच्या दुःखाचं भाषण, असं तू योजलेलं दिसतं. भाषण काढून टाक. त्याऐवजी नेसणंच रंगमंचावर आण. विजारीत-बनियनमध्ये ये, आणि प्रेक्षकांसमोर सावकाश नेस. बर्लेस्कमध्ये उतरवत जातात, तू चढवत जा. प्रत्येक वस्तूबरोबर एक वाक्य, आईचं, बहिणीचं, शिक्षकांचं, मित्राचं. ‘मुलासारखं चाल’ हे वाक्य चाळ बांधताना आलं तर पुढे काही समजावून सांगावं लागत नाही. गोव्यात राहणारे निखिल चोप्रा नावाचे परफॉर्मन्स कलाकार आहेत. ते तासन् तास, दिवसन् दिवस प्रेक्षकांसमोरच वेश बदलतात, चित्र काढतात, दाढी करतात, कधी पुरुष तर कधी स्त्री होतात. 2019 मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात त्यांनी असा प्रयोग सलग नऊ दिवस केला. तुला नऊ दिवस नकोत, पण घाई न करण्याचं धैर्य त्यांच्याकडून घे. प्रेक्षक शांततेला घाबरतो. पहिली तीन मिनिटं कुणीतरी शिट्टी मारेल, तिकडे बघू नकोस. चौथ्या मिनिटाला ते गप्प होतात. मी पाहिलंय.

मधल्या भागाला मावशी आण. बतावणी, म्हणजे तमाशातला हजरजबाबी विनोदी संवाद, लिही. आणि इथे तुझी परीक्षा आहे. मावशीचा विनोद तुझ्या स्वतःच्या बायकीपणावर असेल तर खोड. प्रेक्षक हसतील, भरपूर हसतील, आणि तू त्यांना नाच्याकडे परत नेलेलं असशील. विनोद बायकांच्या शरीरावर असेल तर तोही खोड. उरेल तो ठेव: जो नावं ठेवतो त्याच्यावरचा, मुलगी बघायला जाणाऱ्यांवरचा, लपून शिट्ट्या मारणाऱ्या आणि दिवसा संस्कृती सांगणाऱ्यांवरचा. प्रत्येक ओळीपुढे पेन्सिलने लिही, हसू कुणावर. मी आजही लिहितो.

शेवटची लावणी खास महिलांच्या एखाद्या कार्यक्रमात आधी करून बघ. पुरुष मला बघतात तेव्हा ते अंदाज घेत असतात, हा कोण, हा कसला. बायका तसं करत नाहीत. पहिल्या कडव्याला त्या नेसणं तपासतात, दुसऱ्याला दागिने, तिसऱ्याला त्या स्वतः उठून नाचायला लागतात. एकदा साठीच्या एक काकू रंगमंचावर आल्या, माझ्याबरोबर दोन गिरक्या घेतल्या आणि कानात म्हणाल्या, ‘चाळीस वर्षांनी नाचले.’ पुरुषाच्या अंगावरचं लुगडं त्यांना सुरक्षित वाटतं, कारण तिथे तुलनाही नाही आणि लाजही नाही.

आता तू न विचारलेला, पण पत्रात ओळीओळीला दिसणारा प्रश्न. मी नक्की कोण? लावणी करतो म्हणजे समलिंगी आहे का, पारलिंगी आहे का? याचं उत्तर लावणी देत नाही. माझ्याबरोबर काम केलेल्यांत बायको-मुलं असलेले आहेत, पुरुषावर प्रेम करणारे आहेत, आणि एकजण अशी आहे की तिला लुगड्यातच पहिल्यांदा कळलं, हा वेश नाही, मी बाईच आहे. आज ती बाई म्हणून जगते, लावणी सोडून दिली आणि शांत आहे. तुझ्या बाबतीत यातलं काय, ते कळायला वेळ लागेल, आणि ते कुणाला सांगायचं, कधी सांगायचं, सांगायचं की नाही, हे तू ठरवायचं. एप्रिल 2014 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्वतःची लिंगओळख स्वतः ठरवण्याचा हक्क मान्य केला आणि सप्टेंबर 2018 मध्ये सज्ञान व्यक्तींमधल्या समलिंगी संबंधांवरचा गुन्ह्याचा शिक्का पुसला. कायद्याने घरचे बदलत नाहीत, पण पोलीस चौकीत उभं राहायची वेळ आली तर पाठीशी काय आहे ते माहीत असावं. घरी सांगताना ‘मी कोण आहे’ यापासून सुरुवात करू नकोस. ‘मी काय शिकतोय’ यापासून कर. माझ्या वडिलांनी अकरा वर्षं माझा कार्यक्रम पाहिला नाही. ज्या दिवशी आले त्या दिवशी घरी परतताना एवढंच बोलले, ‘ढोलकीवाला चांगला आहे.’ मी ते कौतुक म्हणून घेतलं, आणि ते तसंच होतं.

व्यवहाराचं थोडं. संहिता असलेला प्रयोग तिकीट लावून करायचा तर राज्याच्या रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. शेवटच्या आठवड्यावर ठेवू नकोस. आयोजकाकडून निम्मे पैसे आधी घे. एका आयोजकाने कार्यक्रम झाल्यावर मला ‘हौसेने केलंस ना’ म्हणत रिकाम्या हाताने परत पाठवलं होतं. कपडे बदलायला कडी असलेली स्वतंत्र खोली हवी, हे फोनवर नाही, लिहून घे. त्या खोलीत तुझ्या ओळखीचं एक माणूस कायम हवं. रात्री वेशात परत निघू नकोस, गाडी कितीही जवळ उभी असली तरी. आणि गर्दीत कुणी अंगाला हात लावला तर संगीत थांबवायचा हक्क तुझा आहे. ढोलकीवाल्याशी खूण आधी ठरवून ठेव. माझी खूण नथ काढणं ही आहे. मी नथ काढली की ढोलकी थांबते.

रंग उतरवताना खोबरेल तेल वापर, साबण नको. आणि तो उतरवायला एकटा बसू नकोस. त्या अर्ध्या तासात मन फार हलतं, लुगडं खुर्चीवर पडलेलं असतं आणि आरशात अर्धी बाई, अर्धा मुलगा दिसत असतो. पहिल्या दोन-तीन प्रयोगांना कुणी नसेल तर मला फोन कर, मी रात्री दोनपर्यंत जागाच असतो. तालमीला रविवारी सकाळी आठला ये. येताना जुनी सुती पाचवारी आण, आईची असेल तर उत्तम, आणि तिला विचारून आण.